तिसरा रद्दा

तिसऱ्या भाकरीला माझे हात थांबले.

दोन भाकऱ्या टम्म फुगून टोपलीत गेल्या होत्या. तिसरी परातीत अर्धी थापून झाली होती, तवा धुरायला लागला होता, आणि माझा डावा तळवा पिठाच्या कडेवर पालथा पडून राहिला. उचलला तर उचलेना. लुळा पडला म्हणावं तर तसंही नाही, कारण बोटं हलत होती. तीनदा हलकं थोपटायचं आणि गप्प. पुन्हा तीनदा थोपटायचं आणि गप्प. उजवा हात शेजारी, कुणी 'बस' म्हटल्यासारखा बसलेला.

"उचला की मेल्यांनो," मी माझ्याच हातांना म्हणाले. "तवा करपतोय!"

लेतियाआजी टेबलाशी बसून सीलच्या कातड्याचा बूट शिवत होत्या. त्यांनी सुई थांबवली, माझ्या हातांकडं नीट बघितलं, उठल्या आणि शेगडी बंद केली.

"आला वाटतं," एवढंच म्हणाल्या आणि पुन्हा शिवायला बसल्या.

हात सुटले तेव्हा मी भिंतीवरच्या घड्याळाकडं बघितलं. बरोबर नऊ मिनिटं झाली होती. ती नऊ मिनिटं मला चांगली ठाऊक होती. मीच ती कापून टाकली होती.

मी हर्षदा पाथरूट, सोलापूरची. जिथं एप्रिलात डांबर चपलेला चिकटतं तिथली बाई उत्तर ध्रुवाजवळच्या एका इनुइट वस्तीत पाच हिवाळे काढते, हे माझ्या आईला अजून पटलेलं नाही. वस्तीत सत्तर घरं, एक दुकान, एक धावपट्टी. नाव तुमच्या जिभेवर बसायचं नाही, म्हणून वस्तीच म्हणते. मी लेतियाआजींच्या घरात भाड्यानं राहायचे. आई ज्वारीचं पीठ, कडक भाकरी आणि शेंगाचटणी पार्सलनं पाठवायची आणि फोनवर विचारायची, "अगं, ती बर्फाची घरं बांधून झाली का नाही अजून?"

तिचं म्हणणं खरं होतं, मी घरं बांधायलाच गेले होते. वस्तीतले शिकारी बर्फगाड्यांवरून लांब जात. पूर्वी वादळ आलं तर माणूस सुरी काढायचा, तासाभरात इग्लू उभा करायचा आणि आत बसून वारा पडायची वाट बघायचा. पुढं गाड्या आल्या, तंबू आले, फोन आले, आणि हातातली विद्या गेली. त्यात हवामान बिघडलं. वादळं वेळी-अवेळी यायला लागली, गाड्या पाणचट बर्फात रुतायला लागल्या. चार वर्षांत नऊ माणसं उघड्यावर गोठून मेली. भरवशाचा इग्लू बांधणारा वस्तीत एकच माणूस उरला होता, उजाराक आजोबा, लेतियाआजींचे यजमान. त्यांच्या भाषेत उजाराक म्हणजे दगड. पाथरवटाच्या पोरीला दगडाकडंच पाठवलं, असं मी तेव्हा हसून म्हणाले होते.

माझं यंत्र म्हणजे 'वळण'. कोपरापासून बोटांपर्यंत चढवायची पातळ बाही, तळवा उघडा. आपण हातानं काही करतो तेव्हा मेंदूकडून स्नायूंना विजेचे बारीक बारीक हुकूम जातात. बाहीवरचे आठशे ठिपके ते हुकूम टिपून ठेवतात. मग तीच बाही दुसऱ्या माणसाला चढवली की ती तेच हुकूम त्याच्या स्नायूंना देते. शिकणाऱ्याला वाटतं, आतून कुणीतरी आपला हात धरून फिरवतंय. चाळीस धडे झाले की सवय मेंदूच्या तळाशी जाऊन बसते, सायकल बसते तशी. मग बाहीची गरज राहत नाही. हाताला वळण लागलं, म्हणतो ना आपण? तेच.

आजोबांनी दोन हिवाळ्यांत बाही घालून एकतीस इग्लू बांधले. मी प्रत्येक नोंद आधी स्वतःच्या हातावर चालवून बघायची. दुसऱ्याच्या हातात सोडायचं ते आपल्या हातात आधी घ्यावं, एवढी नीतिमत्ता आहे माझ्यात.

काम बघत राहावं असं. बांधणारा आत उभा राहतो आणि लाद्या स्वतःभोवती गोल रचत जातो. थर गोगलगायीच्या पाठीसारखा फिरत वर चढतो, आत झुकत जातो, आणि शेवटी डोक्यावर एक लादी बसवून माणूस स्वतःला कोंडून घेतो. मग खालून दार कापून बाहेर येतो. आजोबांचे हात कधी चुकले नाहीत. फक्त तिसरा थर पुरा झाला की ते सुरी खाली ठेवायचे, डावा हातमोजा काढायचे आणि उघडा तळवा भिंतीवर ठेवून बसायचे. कधी चार मिनिटं, कधी सहा, कडाक्याच्या थंडीत नऊ.

"काय करताय?" मी एकदा विचारलं होतं.

"वाट बघतोय."

"कुणाची?"

त्यावर ते नुसते हसले. मला घाई होती, मी पुन्हा विचारलं नाही.

या कामाला पैसे देणाऱ्या समितीनं अट घातली होती, चाळीस मिनिटांत इग्लू उभा राहिला पाहिजे. आमचा बसत होता सत्तेचाळीस मिनिटांत. मी नोंदी साफ करायला बसले. खोकला काढला, नाक पुसणं काढलं, चहा पिणं काढलं. तिसऱ्या थरावरची वाट बघणंही काढलं. हात रिकामे होते ना तेव्हा! रिकाम्या हाताला काय शिकवायचं? इग्लू अडतीस मिनिटांवर आला. मी खूश झाले.

मी कुणाची पोरगी आहे हे सांगते, म्हणजे चूक किती मोठी होती ते कळेल. माझे अप्पा, सिद्राम पाथरूट, चाळीस वर्षं दगडी भिंती बांधायचे. बांधकामाच्या एका थराला गवंडी रद्दा म्हणतात. तीन रद्दे चढले की अप्पा थापी धुवून ठेवायचे. मालक कितीही बोंबलला तरी चौथा रद्दा त्या दिवशी चढायचा नाही. "उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग," मालकाच्या तोंडावर म्हणायचे. असल्या माणसाच्या पोरीनं तिसऱ्या थरावरची वाट कचरा म्हणून टाकून दिली.

आजोबा गेले. त्याच वसंतात त्यांच्या लेकीला, अपियाला, मुलगी झाली आणि वस्तीच्या रीतीप्रमाणं तिला आजोबांचं नाव दिलं. त्यांच्यात नाव म्हणजे नुसती हाक नव्हे. गेलेलं माणूस नावाबरोबर परत येतं. मुलगा-मुलगी बघत नाहीत. ज्याचं नाव, त्याचं नातं. त्यामुळं अपिया स्वतःच्या तान्ह्या पोरीला "बाबा" म्हणायची. आणि लेतियाआजी? त्या नातीला त्यांच्या भाषेत जी हाक मारायच्या ती आपल्याकडच्या "अहो"सारखीच. "अहो, दूध प्या." आधी मला हसू यायचं. नंतर मीही त्या पोरीसमोर पाय पसरून बसेनाशी झाले.

वर्ष झालं तशा आजी माझ्याकडं आल्या. "नाव पोरीला दिलंय," म्हणाल्या. "आता ह्यांचे हात डब्यात ठेवायचे नाहीत. माणूस दोन ठिकाणी राहिला की त्याला चैन पडत नाही."

करारातच तसं कलम होतं. शिकवायचा साफ केलेला धडा तेवढा राहिला. मूळ एकतीस नोंदी मी आजींच्या डोळ्यांदेखत पुसल्या, एकही प्रत न ठेवता.

त्याच्या आठव्या दिवशी तिसऱ्या भाकरीला माझे हात थांबले.

मी मनाची समजूत घातली. मूळ नोंदी मी हातावर चालवल्या होत्या, त्याचा उरलासुरला परिणाम. पण पुढं दर पंधरा-वीस दिवसांनी ते व्हायला लागलं. भांडी घासताना, पत्र्याच्या डब्याचं झाकण लावताना. तळवा टेकायचा, तीनदा थोपटायचा, गप्प व्हायचा. मला भीती वाटायची, ती हात थांबण्याची नाही. थांबल्यावर हात काहीतरी ऐकतायत असं वाटायचं, त्याची.

हे मी कुणाला सांगितलं नाही. अकरा जण धडा शिकून तयार झाले, त्यांचे हात कुठं थांबत नव्हते. मग कशाला हात दाखवून अवलक्षण? मार्चात अपियाची शेवटची परीक्षा होती. ती झाली की धडा साऱ्या किनाऱ्यावरच्या वस्त्यांना जायचा, आणि चार दिवसांनी माझं विमान होतं. आईनं पुरणाची डाळ आणून ठेवली होती.

मार्चात तिथं उणे पंचवीस असायचं. त्या वर्षी पाऊस पडला.

दोन दिवस रिपरिप चालली. म्हाताऱ्या बायका खिडकीशी उभ्या राहून बघत होत्या. पाऊस थांबला, तशी मी आणि अपिया बर्फगाडीवरून चाळीस किलोमीटरवरच्या तळ्याकडं निघालो. तंबू घ्यायचा नाही, असा परीक्षेचा नियम होता. नियम मीच केलेला होता, दोष तरी कुणाला देऊ?

अपिया तिशीची, वस्तीतली पटाईत शिकारी, जिभेनं माझ्याहून तिखट. "उन्हात भाजलेली बाई तू," मला म्हणायची, "इथं ओली होऊन कशाला मरतेस?"

दुपारी एकच्या सुमाराला तळ्याच्या कडेला गाडी खचली. बर्फाखाली पावसाचं पाणी साठलं होतं. आम्ही ती ढकलून काढेपर्यंत गुडघ्यापर्यंत भिजलो, आणि तेवढ्यात वारा फिरला. उत्तरेकडून पांढरी भिंत चालत आली. पाच मिनिटांत गाडीचा पट्टा गोठून जाम झाला आणि मला माझेच बूट दिसेनासे झाले. मी उपग्रहाच्या फोनवरून वस्तीला कळवलं. पलीकडून उत्तर आलं, वारा पडल्याशिवाय कुणी निघू शकत नाही, उद्या दुपार धरा.

भिजलेल्या माणसाला अशा वाऱ्यात दोन तास मिळतात, फार तर अडीच.

"घे," अपिया म्हणाली, "झाली तुझी परीक्षा सुरू."

तिनं लांब सळई बर्फात खुपसली, काढली, तोंड वाकडं केलं. "ओलं आहे. पण दुसरं नाही."

तिनं लाद्या कापल्या, मी उचलून दिल्या. परीक्षेच्या नोंदीसाठी बाही चढवलेले तिचे हात असे चालत होते की वादळातही मला अभिमान वाटला. पहिला थर, दुसरा, तिसरा. तिसऱ्यानंतर माझ्या दंडात काहीतरी आखडलं, डावा तळवा आपोआप भिंतीकडं जायला लागला. मी तो खिशात कोंबला. अपिया थांबली नाही. धड्यात थांबणं नव्हतंच. चौथा थर आत झुकला, पाचव्याची दुसरी लादी तिनं टेकवली, आणि सगळं खाली बसलं. आवाजसुद्धा नीट झाला नाही, ओल्या घोंगड्या पडाव्यात तसं. अपिया छातीपर्यंत गाडली गेली.

मी तिला उकरून काढलं. ती धडधाकट होती, पण ओठ निळे पडले होते. तासाच्या वर वेळ गेला होता.

तुटलेली लादी माझ्या हातात होती. बाहेरून काचेसारखी गोठलेली, आत गाळ. आणि तिथं, गुडघ्यावर बसल्या बसल्या, मला कळलं. कापलेल्या बर्फाचे कण लगेच एकमेकांना धरत नाहीत. टेकल्या जागी त्यांच्यात बारीक बारीक सांधे जुळत जातात, त्याला वेळ लागतो. थंडी फार असली की जास्त लागतो. पावसानं भिजलेलं बर्फ असलं, तर आतलं पाणी गोठून लादीला लादी धरेपर्यंत किती लागतो, ते देव जाणे. असल्या बर्फात आजोबांनी कधी बांधलंच नव्हतं. आजोबा कुणाची वाट बघत होते? भिंतीची. आणि मी ती वाट कापून अकरा माणसांच्या हातांत घातली होती.

"अपिया," मी ओरडले, "पुन्हा बांध. पण तिसऱ्या थराला थांबायचं."

"थांबून गोठू?"

"थांबली नाहीस तर पुन्हा पडेल. चूक माझी आहे. नंतर हव्या तेवढ्या शिव्या दे."

तिनं माझ्याकडं एकदा बघितलं आणि सुरी उचलली.

मी आतच, तिच्या पाठीशी उभी राहिले. तिसऱ्या थराची शेवटची लादी बसली. "थांब," मी म्हणाले. तिनं मान डोलावली. आणि तिच्या हातांनी पुढची लादी उचलली.

"अगं, थांब!"

"थांबतेय!" ती किंचाळली. "हात थांबत नाहीत!"

मी तिच्या हातांवरची बाही कात्रीनं चरचर कापून ओढून काढली, मनगटाशी एक पट्टी तेवढी राहिली. उघडे, लाल पडलेले हात तसेच चालत राहिले. लादीची कड तासत होते, वजन तोलत होते, शांतपणे, अगदी नीट. वर अपियाचा चेहरा घाबरून पांढरा झाला होता आणि खाली हात आपलं काम करत होते, जणू त्यांचा तिच्याशी संबंधच नव्हता. थकव्यात, भीतीत माणूस बाजूला होतो आणि वळण तेवढं उरतं. हे मीच एका भाषणात सांगितलं होतं, कौतुकानं.

"बाबा, थांबा," ती स्वतःच्या हातांना म्हणायला लागली. "बाबा, बास करा. बाबा!"

मी मागून तिची मनगटं धरली. तिच्यात ताकद केवढी! मी शेहेचाळीस वर्षांची, धापा टाकणारी बाई. तिचे हात माझे हात घेऊनच वर जात होते. मग माझा डावा तळवा हलला. मी हलवला नाही, शपथेवर सांगते. त्यानं तिचा तळवा भिंतीवर पालथा दाबला आणि तिच्या हातावर थोपटलं. तीनदा. गप्प. पुन्हा तीनदा.

तिचे हात ढिले पडले.

आम्ही तशाच उभ्या राहिलो, तिची पाठ माझ्या छातीशी. वर छत नव्हतं, बर्फ गळ्यात उतरत होतं. चार मिनिटं गेली असतील, सहा गेली असतील. आता बास, असं माझं डोकं सांगत होतं. नऊ झाली. आजोबांची सगळ्यात लांब वाट नऊ मिनिटांची, पुढं मला काही माहीतच नव्हतं. मी हात उचलायला गेले, हात उचलेना. पायाची बोटं आता जाणवत नव्हती. अपिया रडत होती, मीही रडत होते. मरणार असं वाटलं, आणि आईनं डाळ भिजत घातली असेल, असं मनात आलं. हात आपले थोपटत होते, गप्प होत होते, भिंतीचं ऐकत होते.

आणि एकदम सुटले.

"आता," मी म्हणाले.

अपियानं चौथा थर चढवला, पाचवा चढवला. डोक्यावरची शेवटची लादी बसली तसा वाऱ्याचा आवाज बंद झाला. भिंतीवर मूठ मारली तर दगडावर मारल्यासारखी लागली.

दुसऱ्या दिवशी दुपारी वस्तीतली माणसं आली. तोपर्यंत आम्ही एक मेणबत्ती आणि माझ्या खिशातली कडक भाकरी, एवढ्यावर काढलं. भाकरी चावताना अपियानं सांगितलं की तिला तिसरा महिना आहे. मी कपाळावर हात मारून घेतला. "आणि मला आत्ता सांगतेस?"

"आधी सांगितलं असतं तर तू आणलं नसतंस. तू ते काय म्हणत होतीस गं? भिंतीशी? सारखं सारखं?"

"मी? मी काही बोलले नाही."

"बोलत होतीस की. माझ्या कानात." आणि तिनं तिच्या त्या घशातल्या उच्चारांत, पण एकही अक्षर न चुकवता म्हणून दाखवलं, "लागू दे. अजून लागलं नाही. लागू दे."

मराठीत. तिला मराठी येत नव्हतं.

घरी पोचल्यावर मी कापलेल्या बाहीची नोंद काढली. उरलेल्या पट्टीतले काही ठिपके जिवंत होते, मनगटाशी मी धरल्याचा दाब त्यांनी टिपला होता. आम्ही बावीस मिनिटं थांबलो होतो. हा आकडा कुठल्याच नोंदीत नव्हता, पुसलेल्या एकतिसांतही नाही.

लेतियाआजींनी माझ्या पायांना चरबी चोळली. चोळता चोळता सांगितलं, "काल दुपारी हे जेवता जेवता उठले." हे म्हणजे पावणेतीन वर्षांची छोटी उजाराक. "भिंतीशी गेले आणि हात टेकून उभे राहिले. हलवलं तरी हलेनात."

"किती वेळ?"

"माझा चहा दोनदा गार झाला."

मी आईला फोन लावला, दार बंद करून. सगळं सांगितलं नाही, घाबरली असती. नुसतं विचारलं, "आई, अप्पा 'लागू दे' कधी म्हणायचे गं?"

"ते विचारतेस होय? रद्द्यावर हात ठेवून! चुना लागला का बघायचे. तू पाच वर्षांची होतीस, शाळा बुडवून कामावर जायचीस. तुझा हात खाली, त्यांचा हात वर. थोपटत बसायचात दोघं, भिंतीला काय झोपवताय काय, म्हणायचे मी." मग म्हणाली, "तू सोमवारी निघतेस ना?"

अप्पा जाऊन चौदा वर्षं झाली होती. आम्ही दोघी एकमेकींशी त्यांच्याबद्दल बोलतच नव्हतो. मी फोन ठेवून ओक्साबोक्शी रडले.

बाहेर आले तेव्हा आजी तिथंच होत्या. मी खरं ते सांगून टाकलं. म्हटलं, "आजी, रागावू नका. माझ्या हातात येतात ते तुमचे यजमान नव्हेत. माझे वडील आहेत."

आजी रागावल्या नाहीत. त्यांना नवलही वाटलं नाही. "ह्यांचं नाव दिलंय, हे तर घरात खेळतायत," त्या म्हणाल्या. "मी पहिल्या दिवशीच ओळखलं होतं, हा कुणी दुसरा आहे. तुझ्या बापाचं नाव कुणाला दिलं?"

"कुणालाच नाही."

आजींनी माझ्याकडं असं बघितलं, जसं आपण उपाशी ठेवलेल्या जनावराच्या मालकाकडं बघतो. "चौदा वर्षं? मग तो बिचारा राहणार कुठं? हातातच ना."

मी सोमवारी निघाले नाही. विमान रद्द केलं. समितीला लेखी कळवलं की धडा चुकीचा आहे, चूक माझी आहे, तो कुठल्याही वस्तीला पाठवू नये. आजोबांचं थांबणं जगात कुठं शिल्लक नव्हतं. जे होतं ते माझ्या हातात होतं, आणि ते सोलापूरचं होतं. बर्फ वितळेपर्यंत, मेअखेरपर्यंत, मी बाही घालून अपियाबरोबर एकोणीस इग्लू बांधले. ओल्या बर्फात, कोरड्या बर्फात, भुसभुशीत बर्फात. तिसऱ्या थराला हात थांबायचे, हवा तेवढा वेळ थांबायचे, सुटायचे. अकराही जण पुन्हा शिकले. आता त्या किनाऱ्यावर कुणीही इग्लू बांधताना तिसऱ्या थराला थांबून भिंत थोपटतं, ती सिद्राम गवंड्याची थोपटणी आहे. त्यांनी आयुष्यात बर्फ पाहिलं ते उसाच्या रसातलं.

सप्टेंबरात अपियाला मुलगा झाला. तिसऱ्या दिवशी लेतियाआजींनी मला बोलावलं, बाळ माझ्या मांडीवर ठेवलं आणि त्याच्या कानाशी वाकून नाव सांगितलं. सिद्राम. उच्चार जरा घसरला, पण नाव तेच. खोलीतली सगळी माणसं माझ्याकडं बघत होती. रीत मला माहीत होती, ज्याचं नाव त्याचं नातं.

"अप्पा," मी म्हणाले. बाळानं जांभई दिली.

आईला फोनवर दाखवलं. तिनं बराच वेळ बघितलं, डोक्यावरचा पदर सारखा केला आणि म्हणाली, "झोप लागते का म्हणावं नीट." मग फोन तिनंच बंद केला.

त्या संध्याकाळी मी भाकऱ्या करायला घेतल्या. माझं ऑक्टोबरचं तिकीट आलं होतं. पहिली भाकरी फुगली, दुसरी फुगली. तिसरी थापायला घेतली, अर्ध्यावर आले आणि वाट बघितली. काही झालं नाही. हात सरळ फिरत राहिले, कड गोल होत गेली, भाकरी पुरी थापून झाली. माझे हात, नुसते माझे, हलके. कुणीतरी उठून गेल्यावर खोली होते तशी ती जागा झाली.

तवा तापला होता. लेतियाआजी सुई थांबवून बघत होत्या.

मी भाकरी उचलली नाही. डावा तळवा पिठाच्या कडेवर ठेवला, तीनदा थोपटलं आणि गप्प बसले. आजी उठल्या आणि त्यांनी शेगडी बंद केली.